माईकसमोरचा समीक्षक : मर्ढेकर, पु. ल. आणि आपलं मंडळ

या लेखाची सुरुवात एका फसलेल्या भाषणातून झाली. भाषण माझंच होतं, म्हणून ते आधी सांगून टाकते.

गेल्या सत्रात आपल्या मंडळाच्या अभ्यासवर्गात मी मर्ढेकरांच्या सौंदर्यविचारावर बोलले. बोलले म्हणजे खरं तर बारा पानं वाचून दाखवली. लयतत्त्व, भावनानिष्ठ समतानता, लेखनगर्भ आत्मनिष्ठा असे सगळे शब्द त्यात होते. व्याख्याही बरोबर होत्या. दहाव्या मिनिटाला मागच्या बाकांवर मोबाइल निघाले, पंधराव्या मिनिटाला पुढच्या बाकांवरही. शेवटी टाळ्या झाल्या, प्रश्न एकही आला नाही. उतरताना जिन्यात प्रथम वर्षाची एक मुलगी भेटली. तिने सहज विचारलं, "ताई, हे मर्ढेकर रेडिओत नोकरीला होते ना? मग रेडिओवरही असंच बोलायचे का?"

मी हसून वेळ मारून नेली. पण भंवरकुआंला खोलीवर पोचेपर्यंत तो प्रश्न काही डोक्यातून गेला नाही. ज्या माणसाची हयातभराची मुख्य नोकरी लोकांच्या कानापर्यंत पोचण्याची होती, त्याची समीक्षा वाचताना आपल्याला पेन्सिल घेऊन बसावं लागतं, असं का? आणि त्याहून जवळचा प्रश्न : साहित्यावर नेमकं बोलायचं आणि समोरच्याला कळेल असंही बोलायचं, या दोन गोष्टी एका माणसाला एकाच वेळी जमतात का? या लेखात मी त्याचा शोध घेतला आहे. उत्तर पूर्ण नाही, पण वाट दिसली असं वाटतं.

इंग्रजीच्या वर्गातून आलेलं एक उदाहरण

आपल्यापैकी जे इंग्रजी साहित्य शिकतात त्यांना डेव्हिड लॉज हे नाव माहीत असतं. बहुतेकांना ते 'मॉडर्न क्रिटिसिझम अँड थिअरी' या १९८८ च्या जाडजूड संपादित ग्रंथामुळे, म्हणजे परीक्षेच्या भीतीमुळे माहीत असतं. लॉज (१९३५–२०२५) बर्मिंगहॅम विद्यापीठात १९६० ते १९८७ शिकवत होते. ते कॅथलिक घरातले, आणि त्यांच्या कादंबऱ्यांतून कॅथलिक माणसांचे प्रश्न पुन्हा पुन्हा येतात. मी त्यांच्याकडे वळले ते आधी त्यासाठीच. पण त्यांच्या कामाची दुसरी बाजू मला उशिरा कळली. समीक्षेचा हा प्राध्यापक टेलिव्हिजनसाठीही लिहायचा. 'नाइस वर्क' या स्वतःच्याच कादंबरीची टीव्ही मालिका त्यांनी बी.बी.सी.साठी लिहिली, ती १९८९ मध्ये दाखवली गेली. पुढे डिकन्सच्या 'मार्टिन चझलविट'चं टीव्ही रूपांतरही त्यांनी केलं, १९९४ मध्ये. 'द आर्ट ऑफ फिक्शन' हे त्यांचं समीक्षेचं पुस्तक तर वृत्तपत्रातल्या साप्ताहिक सदरातून तयार झालं.

'नाइस वर्क'मध्ये एक प्रसंग आहे. साहित्याची प्राध्यापिका रॉबिन आणि कारखान्याचा व्यवस्थापक व्हिक गाडीतून चालले आहेत. रस्त्यावर 'सिल्क कट' नावाच्या सिगारेटची जाहिरात लागली आहे. रॉबिन त्या चित्राचा चिन्हशास्त्राने अर्थ लावते, व्हिक वैतागतो, आणि दोघांचा वाद जुंपतो. वाचताना आपण हसतो, पण हसता हसता रूपक म्हणजे काय आणि चिन्ह म्हणजे काय ते शिकून बसतो. वर्गात ज्याला दोन तास लागले ते इथे काही पानांत झालं, कारण रॉबिनसमोर 'मला नाही पटत' म्हणणारा एक माणूस बसलेला आहे.

हे वाचल्यावर वाटलं, आपल्या मराठीत असं कोण आहे? एका हातात समीक्षा आणि दुसऱ्या हातात प्रसारण, अशी माणसं? दोन नावं लगेच समोर आली. एक बा. सी. मर्ढेकर, ज्यांच्या काळात माध्यम रेडिओचं होतं. दुसरे पु. ल. देशपांडे, जे रेडिओतून टेलिव्हिजनपर्यंत गेले.

आधी तारखा लावून पाहू

बाळ सीताराम मर्ढेकर यांचा जन्म १ डिसेंबर १९०९ चा, खानदेशातल्या फैजपूरचा. शिक्षण पुण्यात. मग आय.सी.एस.च्या परीक्षेसाठी ते लंडनला गेले. ती परीक्षा काही साधली नाही, पण तिथल्या वास्तव्यात नवी कविता, चित्रं, संगीत आणि कलाविचार यांच्याशी त्यांची ओळख झाली. परत आल्यावर काही काळ इंग्रजी शिकवलं. १९३८ मध्ये ते आकाशवाणीत, म्हणजे तेव्हाच्या ऑल इंडिया रेडिओत, रुजू झाले. २० मार्च १९५६ ला दिल्लीत त्यांचं निधन झालं. वय अवघं ४६.

आता त्यांची पुस्तकं याच रेषेवर ठेवू. 'आर्ट्स अँड मॅन' हा इंग्रजी ग्रंथ १९३७ चा. 'शिशिरागम' हा पहिला कवितासंग्रह १९३९ चा. 'वाङ्मयीन महात्मता' १९४१. 'रात्रीचा दिवस' ही कादंबरी १९४२, 'तांबडी माती' १९४३. साहित्याच्या सौंदर्यशास्त्रावरची दोन इंग्रजी व्याख्यानं १९४४. चाळीसच्या दशकातच 'कर्ण', 'संगम', 'औक्षण' या संगीतिका. १९४७ ला 'काही कविता', १९५१ ला 'आणखी काही कविता', आणि १९५५ ला 'सौंदर्य आणि साहित्य'. या शेवटच्या ग्रंथाला १९५६ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला.

ही यादी मी पाठांतरासाठी दिलेली नाही. माझ्या मनात एक सोपं उत्तर तयार होतं : मर्ढेकर रेडिओत गेले, कान तयार झाला, म्हणून त्यांनी कलेच्या विचारात लयीला मधोमध बसवलं. किती छान जुळतं! पण तारखा आड येतात. 'आर्ट्स अँड मॅन' रेडिओच्या नोकरीआधीचा आहे, आणि कलेचं सौंदर्य तिच्या रचनेत, घटकांच्या आपसातल्या नात्यांत असतं ही त्यांची दिशा तेव्हाच ठरलेली होती. तेव्हा रेडिओने त्यांना सिद्धांत दिला असं म्हणता येत नाही. जे म्हणता येतं ते एवढंच : तयार सिद्धांत घेऊन हा माणूस अशा जागी नोकरीला गेला, जिथे रोज सकाळ-संध्याकाळ तो कानावर पारखून बघता येत होता.

लय म्हणजे काय : माझं दुसरं भाषण

आता जे मी पहिल्या भाषणात चार पानांत सांगितलं ते इथे पुन्हा, पण पानं बाजूला ठेवून.

मर्ढेकरांच्या मते कलाकृतीत आपण जे अनुभवतो ते सुट्या घटकांचं सौंदर्य नसतं. चित्रात रंग असतात, गाण्यात सूर असतात, साहित्यात शब्द असतात. पण लाल रंग सुंदर आहे म्हणून चित्र सुंदर होत नाही. घटकांची एकमेकांशी नाती जुळतात, त्या नात्यांच्या बांधणीला ते लय म्हणतात. ही नाती तीन तत्त्वांवर चालतात : संवाद, विरोध आणि समतोल. एकमेकांशी मिळणारे घटक, एकमेकांशी झगडणारे घटक, आणि या साऱ्याला तोलून धरणारी रचना. मग साहित्याच्या बाबतीत अडचण येते. शब्द काही नुसता आवाज नाही. त्याला अर्थ आहे आणि त्या अर्थाला भावनेचा रंग आहे. म्हणून ते म्हणतात, साहित्याची लय ही भावनिक अर्थांची लय आहे. दोन वेगळ्या वस्तू आपल्या मनात सारख्याच भावनेची तार छेडतात तेव्हा त्या एकमेकींशी जोडल्या जातात. भावनानिष्ठ समतानता या भारी शब्दाचा साधा आशय हा असा आहे.

उदाहरण घरचंच देते. मी रविवारी मिस्सामध्ये वाचनाला उभी राहते. इंदूरात हिंदी किंवा इंग्रजीत, सुट्टीत वसईला गेले की मराठीत. पहिल्या वाचनानंतर प्रतिसाद स्तोत्र असतं. बायबलमधल्या स्तोत्रांत आपल्यासारखं यमक नसतं. तरी ती कविता आहे हे कानाला कळतं. का? कारण तिथे एक ओळ एक गोष्ट सांगते आणि पुढची ओळ तीच गोष्ट वेगळ्या शब्दांत पुन्हा सांगते. कधी पुढची ओळ उलट बाजू मांडते : नीतिमानाचं असं होतं, दुर्जनाचं तसं. रॉबर्ट लाउथ या इंग्रज बिशपने १७५३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या व्याख्यानांत हिब्रू कवितेतली ही ओळींची जोडणी उलगडून दाखवली होती. सारख्या ओळींची जोडी आणि विरुद्ध ओळींची जोडी. मर्ढेकरांचे संवाद आणि विरोध समजायला मला कुठल्याही व्याख्येपेक्षा याचा उपयोग जास्त झाला. त्यांनी ते तिथून घेतलं असं माझं म्हणणं नाही. एका परंपरेचा दिवा दुसऱ्या परंपरेच्या खोलीत नेला तर वस्तू दिसतात, एवढंच.

वाचनाला उभं राहताना आणखी एक गोष्ट शिकायला मिळाली. ऐकणाऱ्याला पान मागे उलटता येत नाही. एखादं नाव नीट ऐकू आलं नाही की पुढची तीन वाक्यं वाया. ही अट रेडिओची आहे आणि देवळातल्या वाचनाचीही आहे. आणि मराठीला ती मुळीच नवी नाही. ओवी, अभंग, कीर्तन हे सगळं कानासाठीच आहे. फादर थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट गोव्यात आला तेव्हा नवख्रिस्ती लोकांना पुराणांसारखं ऐकायला काही हवं होतं. त्याने 'क्रिस्तपुराण' रचलं ते ओवीतच. सुमारे अकरा हजार ओव्या, १६१६ मध्ये राचोलला छापलेल्या, आणि चर्चमध्ये मोठ्याने वाचल्या-गायल्या जाणाऱ्या. एका परक्या माणसाला मराठीचा हा कान चारशे वर्षांपूर्वी ओळखता आला होता. मी मात्र मराठी घरात वाढून बारा पानं वाचत बसले!

त्याच वर्षांत लंडनला

मर्ढेकर इथे रेडिओत होते त्याच काळात लंडनला एक लेखक-समीक्षक भारतासाठी रेडिओवर काम करत होता. जॉर्ज ऑर्वेल. जन्म बिहारमधल्या मोतिहारीचा. १९४१ ते १९४३ तो बी.बी.सी.च्या ईस्टर्न सर्व्हिसमध्ये होता आणि भारतीय विद्यार्थ्यांसाठी साहित्यविषयक कार्यक्रम करायचा. १९४२ मध्ये त्याने 'व्हॉइस' नावाचं रेडिओवरचं कवितेचं मासिक चालवलं. छापील अंक नाहीच, सगळं बोलून आणि वाचून. त्याचे सहा अंक झाले. मुल्कराज आनंद आणि टी. एस. एलियट त्यात येऊन गेले.

या अनुभवावर ऑर्वेलने पुढे एक निबंध लिहिला. त्यातला विचार माझ्या शब्दांत सांगते. सभेत कवी गर्दीपुढे उभा असतो आणि गर्दी कंटाळली की त्याला दिसतं, मग तो घाबरून काहीतरी सोपं करायला लागतो. रेडिओवर श्रोते हजारो असले तरी प्रत्येक जण आपापल्या खोलीत एकटा असतो. त्यामुळे कवी एकाच माणसाशी बोलल्यासारखा बोलू शकतो. शिवाय कविता पुन्हा आवाज म्हणून त्याच्या कानावर पडते, कागदावरची आकृती म्हणून नाही.

दोघांच्या नोकऱ्याही एकाच मुळाच्या फांद्या होत्या. आपला रेडिओ उभा करायला लायोनेल फील्डन हा बी.बी.सी.चा माणूस १९३५ मध्ये आला होता, आणि १९३६ मध्ये 'ऑल इंडिया रेडिओ' हे नाव पडलं. पण फरकही आहे. ऑर्वेलने माईकवर काय घडतं ते साध्या इंग्रजीत लिहून ठेवलं. मर्ढेकरांनी माईकबद्दल सिद्धांत मांडण्यापेक्षा माईकसाठी रचना केली. संगीतिका हा प्रकार बघा : दृश्य नाही, रंगमंच नाही, अभिनय दिसत नाही. जे काही नाट्य आहे ते आवाज, सूर आणि शब्द यांच्या नात्यातून उभं राहिलं तरच. लयीच्या सिद्धांताला याहून कडक परीक्षा कुठली?

कविता सिद्धांताच्या पुढे गेली

इथे माझ्या मूळ प्रश्नाचा पहिला भाग सुटतो असं मला वाटतं.

'शिशिरागम' आणि 'काही कविता' ही दोन पुस्तकं एकापाठोपाठ मोठ्याने वाचा. माझी खोली चौराह्याच्या अंगाला आहे. खाली रिक्षावाले, कोचिंग क्लासची सुटलेली गर्दी, पोह्यांच्या गाडीवरचा आवाज. 'शिशिरागम' वाचताना मला खिडकी लावून घ्यावी लागली. 'काही कविता' वाचताना लावावी लागली नाही. पहिल्या संग्रहात हुरहुर आहे, विरह आहे, भाषा जपून वापरलेली आहे. दुसऱ्यात यंत्र, गिरण्या, शहर, इंग्रजी शब्द, मोडलेले शब्द, आणि हे सगळं कशात घातलेलं? तर संतांच्या ओळखीच्या छंदांत. ओळखीची चाल आणि अनोळखी भयाण चित्र. पिंपात मेलेल्या उंदरांची त्यांची कविता तेव्हा वाचकांना हादरवून गेली ती याचमुळे. उंदरांमुळे कमी, ठेक्यामुळे जास्त, असं मी म्हणेन. कान सवयीने डोलायला लागतो आणि डोळ्यासमोर जे येतं ते डोलण्यासारखं नसतं. विरोध या तत्त्वाचं याहून चांगलं उदाहरण मला सापडलेलं नाही.

या दोन संग्रहांच्या मधली आठ वर्षं त्यांनी रेडिओत काढली. मधे महायुद्धही होऊन गेलं. बदल कशामुळे झाला हे एका कारणावर ढकलू नये. पण कानासाठी काम करणाऱ्या माणसाने आपल्या सर्वांत कठीण कविता सर्वांत जुन्या, ऐकीव छंदांत लिहिल्या, ही गोष्ट डोळ्यांआड करता येत नाही.

'काही कविता'तल्या काही कवितांवर अश्लीलतेचा खटला झाला. मर्ढेकर त्यातून निर्दोष सुटले. जरा विचार करा : माणूस सरकारी माध्यमात नोकरीला, आणि आरोप करणारंही सरकारच. न्यायालयात चर्चा होते ती शब्दांची. हा शब्द का वापरला, तो अवयव का आला? तर त्यांचा स्वतःचा सिद्धांत सांगतो की सुटा शब्द कधीच पाहू नका, तो कोणत्या नात्यात बसला आहे ते पाहा. म्हणजे वर्गात आपल्याला कोरडं वाटणारं लयतत्त्व त्यांच्यासाठी कोरडं नव्हतं. त्यावर एका कवीची अब्रू अवलंबून होती. हे मी माझ्या बारा पानांत सांगितलंच नव्हतं!

त्याच वेळी हेही खरं की ही कविता फक्त रचना म्हणून वाचून संपत नाही. यंत्रासारखं जगणाऱ्या माणसांबद्दलची कळवळ, देवाशी घातलेला वाद, स्वतःच्या कमकुवतपणाची लाज, हे सगळं जगण्यातलं आहे. रा. भा. पाटणकरांनी 'सौंदर्यमीमांसा' (१९७४) या ग्रंथात सौंदर्यविचाराचे दोन ध्रुव दाखवले : एक कलेला जगण्यापासून स्वायत्त मानणारा, दुसरा तिला जगण्याशी बांधणारा. मर्ढेकरांचा सिद्धांत पहिल्या ध्रुवाकडे झुकतो. त्यांची कविता मात्र, माझ्या वाचनात, दोन्हीकडे पाय रोवून उभी आहे. समीक्षक मर्ढेकरांना जे लोकांपर्यंत नेता आलं नाही ते कवी मर्ढेकरांनी नेलं. त्या मुलीच्या प्रश्नाचं उत्तर काहीसं असं : रेडिओवर ते कसं बोलायचे ते मी ऐकलेलं नाही, पण कवितेत ते अवघड गोष्ट कानाला सोपी करून बोलतात.

पु. ल. : कॅमेऱ्यासमोरचा वाचक

दुसरं नाव पु. ल. देशपांडे (१९१९–२०००). त्यांना समीक्षक म्हणायला अनेकांची जीभ वळणार नाही. पण जरा थांबा.

'अभिरुची' हे मराठी मासिक बडोद्याहून निघायचं, म्हणजे आपल्यासारखंच महाराष्ट्राबाहेरून. मर्ढेकरांची कविता त्यातून वाचकांपुढे आली. त्याच मासिकात 'पुरुषराज अळूरपांडे' या नावाने लेखन यायचं. हे नाव तिघांचं मिळून होतं : पुरुषोत्तम देशपांडे, मं. वि. राजाध्यक्ष आणि अळूरकर. वाङ्मयातल्या ढोंगाची ते तिघे टिंगल करायचे. विडंबन ही समीक्षाच आहे. कारण एखाद्याची नक्कल करायला त्याची शैली नेमकी कुठे फुगते ते आधी ओळखावं लागतं.

पुढे पु. ल. आकाशवाणीत आले, बी.बी.सी.त प्रशिक्षणासाठी लंडनला जाऊन आले. त्या प्रवासातून 'अपूर्वाई' झालं. १५ सप्टेंबर १९५९ ला दिल्लीत भारतातलं टेलिव्हिजन सुरू झालं, त्या सुरुवातीच्या उभारणीत ते होते, आणि पंडित नेहरूंची टेलिव्हिजनवरची पहिली मुलाखत घेण्याचा मान त्यांच्याकडे जातो. टेलिव्हिजनची नोकरी त्यांनी फार काळ केली नाही. पण कॅमेरा आणि माईक यांनी जे शिकवलं ते त्यांच्याजवळ राहिलं.

त्याचा उपयोग कुठे दिसतो? पु. ल. आणि सुनीताबाई या दोघांनी बा. भ. बोरकरांच्या आणि मर्ढेकरांच्या कवितांचं जाहीर वाचन केलं. ध्वनिमुद्रण मिळालं तर ऐका. व्याख्या नाही, सिद्धांत नाही. मधे दोन-चार वाक्यं आणि मग कविता. कुठे थांबायचं, कुठला शब्द हळू टाकायचा, कुठे ठेका मोडायचा, यातून कवितेचा अर्थ लावलेला असतो. माझ्या मते हीसुद्धा समीक्षा आहे, आणि अवघड समीक्षा आहे. कारण चुकीचा अर्थ लेखात तळटीपांमागे लपवता येतो, आवाजात तो लगेच उघडा पडतो.

म्हणजे वर्तुळ असं पूर्ण होतं. रेडिओतल्या एका माणसाने कविता लिहिली आणि तिच्यामागचा विचार पानांत ठेवला. रेडिओ-टेलिव्हिजनमधून गेलेल्या दुसऱ्या माणसाने सुनीताबाईंच्या सोबतीने ती कविता लोकांच्या कानांत परत ठेवली. दोघांपैकी एकाला निवडायची गरज नाही. मर्ढेकर नसते तर लय कशाला म्हणायचं हे मला कळलं नसतं. पु. ल. नसते तर ती ऐकू आली नसती.

इंदूरात हे का सांगायचं?

अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन आपल्या शहरात तीनदा भरलं आहे : १९१७, १९३५ आणि २००१. २००१ च्या संमेलनाच्या अध्यक्ष विजया राजाध्यक्ष होत्या. 'मर्ढेकरांची कविता : स्वरूप आणि संदर्भ' या त्यांच्या समीक्षाग्रंथाला १९९३ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला होता. म्हणजे मर्ढेकरांवर सर्वांत बारकाईने लिहिणाऱ्यांपैकी एक लेखिका इथे, आपल्या शहरात, अध्यक्षपदावरून बोलून गेली. आकाशवाणीचं इंदूर केंद्र २२ मे १९५५ ला सुरू झालं. मर्ढेकर तेव्हा हयात होते.

आज आपल्या मंडळात कोण आहे ते पाहा. काही जण पिढ्यान्‌पिढ्या इंदूरचे मराठी, घरी मराठी बोलतात पण शाळा हिंदी किंवा इंग्रजी. काही माझ्यासारखे बाहेरून आलेले. दोन-तीन जण मराठी नाहीतच, मैत्रीखातर येतात. आपल्यातल्या अनेकांची मराठी कानाने आलेली आहे, डोळ्यांनी नाही. सलग शंभर पानं मराठी वाचताना दम लागतो, पण आजीची गोष्ट तासभर ऐकता येते. ही आपली उणीव आहे असं आपण समजतो आणि कार्यक्रमात वाचून दाखवायला जाड लेख आणतो. मग मागच्या बाकावर मोबाइल निघतात आणि आपण म्हणतो, पोरांना साहित्यात रस नाही.

त्या भाषणानंतर मी वसईला आजीला फोन केला होता. रडवेली झाले होते. ती म्हणाली, "बाय, कागद खाली ठेव नि मला सांग, काय सांगायचं होतं तुला?" मी सांगायला लागले. भावनानिष्ठ समतानता म्हणायची सोयच नव्हती. मग स्तोत्राचं उदाहरण सुचलं, ते तेव्हाचंच. आजीने ऐकून घेतलं आणि विचारलं, "मग त्या माणसाने उंदरावर का लिहिलं?" बारा पानांना जो प्रश्न मिळाला नव्हता तो पाच मिनिटांत मिळाला.

म्हणून माझी मंडळाला सूचना अशी. पुढच्या अभ्यासवर्गापासून आपण तीन गोष्टी करून पाहू.

१. कवितेवर बोलणाऱ्याने आधी ती कविता दोन वेळा मोठ्याने वाचायची. दोन्ही वाचनं वेगळी हवीत. कुठे आणि का वेगळी केली, यावर चर्चा सुरू करायची.

२. पारिभाषिक शब्द टाळायचे नाहीत, पण प्रत्येक शब्दामागे एक ऐकता येईल असं उदाहरण द्यायचं. संवाद, विरोध, समतोल यांची उदाहरणं ओवी, स्तोत्र, गाणं, जाहिरात, कशातूनही शोधा.

३. प्रत्येकाने आपला लेख एकदा मोबाइलवर रेकॉर्ड करून स्वतः ऐकायचा. जिथे आपल्यालाच मागे जाऊन पुन्हा ऐकावंसं वाटेल ते वाक्य मोडून नव्याने लिहायचं.

यामुळे सगळी समीक्षा सोपी होईल असं नाही. 'सौंदर्य आणि साहित्य' पेन्सिल घेऊनच वाचावं लागेल, आणि ते तसं वाचण्याच्या लायकीचं आहे. पण वाचून झाल्यावर पेन्सिल खाली ठेवून एका माणसाला ते सांगता आलं पाहिजे.

जिन्यात भेटलेल्या त्या मुलीला मी शब्द दिला आहे. पुढच्या वर्गात दहा मिनिटं, हातात कागद नाही, विषय मर्ढेकरच. आणि उंदरांचा प्रश्न तिने विचारायचा.